पडद्यावर आगगाडी आणणारे लुई ल्युमिएर

सिनेमात आगगाडी आली की आपल्याला त्याचे काही वाटत नाही. पण अगदी सुरुवातीला पडद्यावर ती कोणी आणली, ठाऊक आहे का?

लुई ल्युमिएर यांचा जन्म ५ ऑक्टोबर १८६४ रोजी फ्रान्समधील बेझांसाँ गावी झाला. वडील फोटोग्राफर. पुढे लिआँ शहरी त्यांनी फोटोच्या काचा बनवण्याचा कारखाना काढला. तो काही चालेना, बुडायची वेळ आली. तेव्हा सतरा-अठरा वर्षांच्या लुईंनी नवी काच तयार केली. ती इतकी खपली की घर सावरले. थोरला भाऊ ओग्युस्त बरोबरीला होताच.

१८९४ साली वडिलांनी पॅरिसला एडिसनसाहेबांचे यंत्र पाहिले. त्यात हलती चित्रे दिसत, पण पेटीला डोळा लावून एकेकट्याने बघायची! ती सगळ्यांना एकदम दिसावीत, असे त्यांच्या मनाने घेतले. अडचण होती पट्टीची. प्रत्येक चित्र क्षणभर थांबून मगच पुढे सरकले पाहिजे, नाहीतर सगळा फराटा दिसतो. लुईंना उपाय सुचला शिलाई मशीनवरून. सुई वर गेली की कापड सरकते, खाली आली की थांबते. घरी मशीन असेल तर नीट बघा.

२८ डिसेंबर १८९५ रोजी पॅरिसच्या एका कॉफीहाऊसच्या तळघरात खेळ झाला. तिकीट १ फ्रँक, प्रेक्षक अवघे ३३. त्या दिवशी आगगाडी नव्हती बरं का! ती लोकांनी पाहिली १८९६ साली. ला सिओता हे समुद्राकाठचे स्टेशन. लुईंनी यंत्र फलाटावर रुळांच्या कडेला मांडले. लांबून इंजिन येते, मोठे मोठे होत जाते, गाडी थांबते, दारे उघडतात, माणसांची चढ-उतार सुरू होते. गर्दीत ल्युमिएरांच्या घरची माणसेही आहेत. पन्नासेक सेकंदांत खेळ खलास! ना आवाज, ना रंग. लोक घाबरून पळाले असे पुष्कळ ठिकाणी छापलेले असते, पण त्याला पक्का पुरावा नाही.

त्याच वर्षी ७ जुलैला मुंबईच्या वॉटसन हॉटेलात ही आगगाडी दाखवली. तिकीट एक रुपया. इकडे विलायतेत राणी व्हिक्टोरियाचे राज्य होते. ल्युमिएरांचे प्रोमियो यांनी लिव्हरपूलला चालत्या गाडीतच यंत्र ठेवून बंदर टिपले.

पुढे लुईंनी सिनेमा सोडला आणि रंगीत फोटोची काच शोधली. १९०७ साली ती बाजारात आली. तिच्यात रंगवलेले बटाट्याच्या पिठाचे बारीक कण असत.

६ जून १९४८ रोजी बांदोल येथे ते वारले. ला सिओता स्टेशन तिथून फार लांब नाही.