कलामहर्षी बाबूराव पेंटर

बाबूराव पेंटर यांचे मूळ नाव बाबूराव कृष्णराव मेस्त्री. त्यांचा जन्म ३ जून १८९० रोजी कोल्हापूर येथे एका कारागिराच्या घरी झाला. शालेय शिक्षण त्यांना फारसे लाभले नाही. परंतु चित्रकला, मूर्तिकला व यंत्रकाम या तिन्ही विद्या त्यांनी स्वतःच्या परिश्रमाने हस्तगत केल्या. आतेबंधू आनंदराव हे त्यांचे जिवलग सहकारी होते. दोघे मिळून नाटक मंडळ्यांचे पडदे रंगवीत. त्यामुळे लोक त्यांना ‘पेंटर’ म्हणू लागले व पुढे तेच त्यांचे आडनाव झाले.

१९१३ साली दादासाहेब फाळके यांचा ‘राजा हरिश्चंद्र’ हा मूकपट प्रदर्शित झाला. आपणही असा चित्रपट काढावा, असे या बंधूंना वाटू लागले. परंतु त्यासाठी कॅमेरा हवा. तो विलायतेहून आणावा, तर जवळ पैसा नव्हता. शिवाय १९१४ मध्ये महायुद्ध सुरू झाले. तेव्हा कॅमेरा आपणच तयार करावयाचा, असा त्यांनी निश्चय केला. काम सुरू झाले. पण ते पुरे होण्यापूर्वीच १९१६ साली आनंदरावांचा अकाली अंत झाला. बाबूरावांचा जणू उजवा हातच गेला. तथापि त्यांनी धीर सोडला नाही. आपले शिष्य विष्णुपंत दामले यांच्या साहाय्याने त्यांनी ते अपुरे यंत्र १९१८ मध्ये सिद्धीस नेले. कोल्हापुरातच घडलेल्या या कॅमेऱ्याने चित्रे टिपण्यास प्रारंभ केला.

त्यांच्या महाराष्ट्र फिल्म कंपनीचा ‘सैरंध्री’ हा पहिला चित्रपट १९२० साली पुण्यात झळकला. त्या काळी स्त्रियांच्या भूमिका बहुधा पुरुषच करीत. बाबूरावांनी त्या स्त्रियांकडूनच करविल्या. कीचकवधाचा प्रसंग इतका हुबेहूब वठला होता, की सरकारने तो वगळावयास लावला. लोकमान्य टिळकांनी बाबूरावांना ‘सिनेमा केसरी’ ही पदवी देऊन गौरविले.

बाबूराव चित्रीकरणापूर्वी प्रसंगांची रेखाटने करीत, पात्रांचे पोशाख ठरवीत, दिग्दर्शन करीत आणि जाहिरातीची भित्तिचित्रेही स्वतः रंगवीत. ‘सिंहगड’ या १९२३ च्या चित्रपटात त्यांनी विजेच्या दिव्यांच्या प्रकाशात चित्रण केले. पौराणिक व ऐतिहासिक कथांतच ते रमून राहिले नाहीत. १९२५ च्या ‘सावकारी पाश’ या चित्रपटात त्यांनी कर्जापायी जमीन गमावून शहराची वाट धरणाऱ्या शेतकऱ्याचे दुःख दाखविले. त्यातील तरुण शेतकऱ्याची भूमिका व्ही. शांताराम यांनी केली होती.

१९२९ साली दामले, फत्तेलाल, शांताराम प्रभृती शिष्यांनी ‘प्रभात’ ही स्वतंत्र संस्था काढली. पुढे बाबूरावांची कंपनी बंद पडली. बोलपटांच्या काळात त्यांनी थोडेच चित्रपट दिग्दर्शित केले. मात्र कुंचला व छिन्नी यांची साथ त्यांनी अखेरपर्यंत सोडली नाही. १६ जानेवारी १९५४ रोजी त्यांचे निधन झाले.

साधने नाहीत म्हणून बाबूराव हातावर हात ठेवून बसले नाहीत. त्यांनी साधनेच निर्माण केली. आनंदरावांच्या मागे अपुरा राहिलेला कॅमेरा पुरा करून त्यांनी आपल्या बंधूचे स्वप्न साकार केले आणि मराठी चित्रपटाचा पाया घातला.