रॉबर्ट फ्लाहर्टी : निरीक्षण आणि रचना

अनुबोधपटाचा जनक म्हणून ज्याचे नाव घेतले जाते तो रॉबर्ट फ्लाहर्टी (१८८४-१९५१) मुळात खनिजांचा शोध घेणारा माणूस होता. १९१० पासून तो कॅनडातील रेल्वे-उद्योजक सर विल्यम मॅकेन्झी याच्यासाठी हडसन उपसागराच्या परिसरात लोहखनिज धुंडाळीत फिरला आणि १९१३ च्या मोहिमेत त्याने कॅमेराही बरोबर नेला. १९१६ मध्ये टोरांटो येथे सिगारेटमुळे लागलेल्या आगीत त्याची सुमारे ३०,००० फूट मूळ चित्रफीत नष्ट झाली. उरलेली एक प्रत पाहताना तिच्यातील उणीव त्याला जाणवली. ती सुट्या दृश्यांचे प्रवासवर्णन होती. तिच्या केंद्रस्थानी माणूस नव्हता. प्रवासवर्णनाकडून व्यक्तिचित्राकडे झालेले हे वळण त्याच्या पुढील निर्मितीचा पाया होय.

रेव्हियाँ फ्रेर या फरच्या व्यापारी पेढीच्या खर्चाने १९२०-२१ मध्ये तो इनुकजुआक येथे राहिला. चित्रित केलेला भाग तो तेथेच धुऊन इन्युइटांना दाखवीत असे. पुढील प्रसंगांची आखणी त्यांच्या सहकार्याने होई. 'नानूक ऑफ द नॉर्थ' (१९२२) मधील सीलच्या शिकारीत कॅमेरा घाई करीत नाही. दोराच्या दुसऱ्या टोकाला काय आहे हे बराच वेळ दिसत नाही, दिसते ती केवळ ओढाताण. प्रेक्षकाला प्रतीक्षा करावयास लावणे हेच या शैलीचे बलस्थान आहे.

परंतु हे निरीक्षण निर्लेप नव्हते. नानूकचे खरे नाव अल्लाकारियाल्लाक. बंदुकीचा वापर रूढ झालेला असताना त्याच्या हाती पडद्यावर भाला दिला गेला. उजेडासाठी इग्लू अर्धाच बांधला गेला. 'मॅन ऑफ ॲरन' (१९३४) मध्ये तर कित्येक दशकांपूर्वी बंद पडलेली शार्कची शिकार बेटवासीयांना नव्याने शिकवावी लागली, आणि जमीनदारीचा प्रश्न दृष्टीआडच राहिला. कालबाह्य जीवनाची पुनर्रचना वर्तमान म्हणून सादर करणे हा केवळ तांत्रिक तडजोडीचा भाग मानता येत नाही; ज्या फरच्या व्यापाराने ते जीवन पालटले त्याच व्यापाराच्या पैशातून ही पुनर्रचना झाली, हे तर विसरताच येत नाही.

'मोआना' (१९२६) या सामोआवरील चित्रपटाच्या परीक्षणात जॉन ग्रियर्सनने माहितीपटासाठी आज रूढ असलेली इंग्रजी संज्ञा योजिली. म्हैसूर परिसरात चित्रित झालेला 'एलिफंट बॉय' (१९३७) मात्र निम्मा त्याचा. स्टुडिओतील भाग झोल्टन कोर्डाने केला. साबू हा माहुताचा मुलगा त्यातूनच पुढे आला.

'लुइझियाना स्टोरी' (१९४८) साठी एका तेलकंपनीने पैसा पुरविला, तरी चित्रपटाचे हक्क फ्लाहर्टीकडेच राहिले. त्याचे छायाचित्रण करणारा रिचर्ड लीकॉक १९६० नंतर, प्रसंग न रचता केवळ पाहणाऱ्या चित्रपटाचा एक प्रमुख पुरस्कर्ता ठरला.