भालजी पेंढारकर : इतिहासपटातील राष्ट्रविचार

मराठी इतिहासपटाचा विचार भालजी पेंढारकर यांना वगळून करता येत नाही. शिवकालाचे चित्रणकर्ते ही त्यांची रूढ ओळख होय. तथापि त्यांच्या चित्रपटांतून व्यक्त होणाऱ्या राष्ट्रविचाराचा केंद्रबिंदू सिंहासन नसून सामान्य माणसाची निष्ठा हा आहे.

भालजींचा जन्म एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस कोल्हापुरात झाला. त्यांच्या तारुण्यात बाबूराव पेंटर यांच्या महाराष्ट्र फिल्म कंपनीने या शहराला चित्रपटनिर्मितीचे केंद्र बनविले होते. 'सिंहगड' (१९२३) सारख्या मूकपटांनी इतिहासाला पडद्यावर स्थान मिळवून दिले होते. भालजींनी मात्र आरंभीच वर्तमानाला हात घातला. 'वंदे मातरम् आश्रम' (१९२६) या मूकपटात त्यांनी ब्रिटिश शिक्षणपद्धतीवर टीका केली आणि त्याला सरकारी परीनिरीक्षणाचा जाच सोसावा लागला. परकीय सत्तेखाली राष्ट्रभावना उघडपणे मांडणे अवघड होते. अशा काळात इतिहासाचा आश्रय अर्थपूर्ण ठरला.

बोलपटाच्या काळात 'श्यामसुंदर' (१९३२) सारख्या पौराणिक बोलपटानंतर त्यांनी 'नेताजी पालकर' (१९३९), 'थोरातांची कमळा' (१९४१) आणि 'बहिर्जी नाईक' (१९४३) हे चित्रपट निर्माण केले. शीर्षकेच बोलकी आहेत. सेनानी, स्त्री आणि हेर यांना नायकत्व देऊन राज्य हे अनेकांच्या त्यागावर उभे राहते, हा विचार त्यांनी रुजविला. 'छत्रपती शिवाजी' (१९५२) हा थेट राजचरित्राचा चित्रपट त्यानंतर आला.

या राष्ट्रकल्पनेला हिंदुत्वनिष्ठ विचारांची चौकट होती. समाजातील जातीय ताण तीत स्वामिनिष्ठेच्या आदर्शात विरून जातो, ही तिची मर्यादा होय. १९४८ मध्ये गांधीहत्येनंतर उसळलेल्या ब्राह्मणविरोधी दंगलीत त्यांचा कोल्हापुरातील जयप्रभा स्टुडिओ जाळण्यात आला. ज्या समाजाच्या एकोप्याचे चित्र त्यांनी रंगविले, त्याच समाजातील दुभंग त्यांच्या दाराशी येऊन ठेपला. आगीत 'मीठभाकर' या चित्रपटाचे चित्रीकरणही नष्ट झाले. भालजींनी तो पुन्हा चित्रित केला व १९४९ मध्ये प्रदर्शित केला. मात्र आर्थिक ओझे हलके झाले नाही. १९५९ मध्ये स्टुडिओची मालकी लता मंगेशकर यांच्याकडे गेली.

मालकी गेली तरी निर्मिती थांबली नाही. 'मोहित्यांची मंजुळा' (१९६३), 'मराठा तितुका मेळवावा' (१९६४), 'साधी माणसं' (१९६५) आणि 'तांबडी माती' (१९६९) या चित्रपटांना लताबाईंनीच 'आनंदघन' या नावाने संगीत दिले. यांपैकी 'साधी माणसं' विशेष महत्त्वाचा ठरतो. येथे ढाल-तलवार नाही. लोहाराची भट्टी आणि कष्टकरी दांपत्याचा संसार आहे. इतिहासपटांतील मावळ्याच्या ठिकाणी भालजींनी शोधलेले सत्त्व येथे समकालीन श्रमिकात आढळते. राष्ट्राचे अधिष्ठान चारित्र्य हे त्यांचे सूत्र इतिहासाच्या वेशाविनाही टिकते, याचा हा पुरावा होय.

१९९१ या वर्षासाठीचा दादासाहेब फाळके पुरस्कार त्यांना लाभला. २६ नोव्हेंबर १९९४ रोजी त्यांचे निधन झाले. अस्मिता म्हणजे केवळ भूतकाळाचा अभिमान की सामान्य माणसाचे नित्याचे शील, हा प्रश्न त्यांच्या चित्रपटांनी मराठी प्रेक्षकासमोर ठेवला. त्याचे अर्धे उत्तर त्यांच्या इतिहासपटांत सापडते आणि उरलेले 'साधी माणसं' मध्ये.