पोर्तुगालचा राष्ट्रीय दिन म्हणजे गोव्यात राहिलेल्या एका कवीची पुण्यतिथी

बहुतेक देशांचा राष्ट्रीय दिन स्वातंत्र्याशी, क्रांतीशी किंवा राजाशी जोडलेला असतो. पोर्तुगालमध्येही असे दिवस आहेत. २५ एप्रिलला हुकूमशाही संपल्याची सुट्टी, ५ ऑक्टोबरला प्रजासत्ताकाची, १ डिसेंबरला स्पेनपासून सुटका झाल्याची. पण राष्ट्रीय दिनाचा मान आहे १० जूनला. त्या दिवशी, १५८० साली, लुईश द कामोइंश हा कवी वारला.

कामोइंश काही दरबारात मानाने बसणारा कवी नव्हता. तरुणपणी तो मोरोक्कोच्या किनाऱ्यावर सैनिक म्हणून गेला आणि तिथे त्याचा उजवा डोळा गेला. १५५२ मध्ये लिस्बनमध्ये ऐन सणाच्या दिवशी भांडण झालं. त्यात त्याने राजाच्या एका नोकराला जखमी केलं आणि थेट तुरुंगात गेला. पुढच्या वर्षी माफी मिळाली, पण भारतात जाऊन चाकरी करायची असं ठरलं.

१५५३ च्या सप्टेंबरमध्ये तो गोव्यात उतरला. पुढची बरीच वर्षं मोहिमा, समुद्रप्रवास आणि पैशाची तंगी यातच गेली. मेकाँग नदीच्या मुखाशी जहाज फुटलं, तेव्हा तो हस्तलिखित वाचवत किनाऱ्याला लागला, अशी आख्यायिका आहे. त्याची पहिली छापील कविता आली तीही गोव्यातच. गार्सिया द ओर्ता या वैद्याने भारतीय औषधी वनस्पतींवर लिहिलेल्या पुस्तकात ती १५६३ साली छापली गेली.

परतीच्या वाटेवर तो मोझांबिकमध्ये अडकला. खिशात पैसे नव्हते. मित्रांनी भाडं भरलं, तेव्हा कुठे १५७० मध्ये तो लिस्बनला पोचला. दोन वर्षांनी 'ओस लुसियादास' हे महाकाव्य छापून आलं. दहा सर्ग, विषय वास्को द गामाचा भारतप्रवास. राजा सेबास्तियांवने त्याला बेताचं वर्षासन दिलं.

१५७८ मध्ये हाच तरुण राजा मोरोक्कोतल्या लढाईत मारला गेला. त्याला मूलबाळ नव्हतं. १५८० मध्ये कामोइंश गरिबीतच गेला आणि त्याच वर्षी पोर्तुगालची गादी स्पेनच्या राजाकडे गेली. ती परत मिळायला १६४० चा १ डिसेंबर उजाडला. कवीचा मृत्यू आणि देशाने गमावलेलं राज्य एकाच वर्षातलं, म्हणून लोकांच्या मनात दोन्ही गोष्टी एकत्र बसल्या.

पुढे ज्याने त्याने हा कवी आपापल्या परीने वापरला. १८८० मध्ये त्रिशताब्दी साजरी झाली, तेव्हा राजेशाहीच्या विरोधकांनी त्याला आपलं प्रतीक बनवलं. सालाझारच्या हुकूमशाहीत १० जूनला 'वंशाचा दिवस' म्हटलं गेलं. १९६० च्या दशकात आफ्रिकेतल्या वसाहती टिकवण्यासाठी लढणाऱ्या सैनिकांना याच दिवशी पदकं दिली जात. १९७४ च्या क्रांतीनंतर अर्थ पुन्हा बदलला. १९७८ पासून हा 'पोर्तुगालचा, कामोइंशचा आणि पोर्तुगीज समुदायांचा दिवस' आहे. जगभर पसरलेल्या पोर्तुगीज लोकांचीही त्या दिवशी आठवण काढली जाते.

गोव्यासाठी मात्र हे प्रकरण इतकं सोपं नाही. त्याच्या काव्याचा नायक ज्या वाटेने आला, त्याच वाटेने पुढे गोव्यावरची साडेचारशे वर्षांची परकी सत्ताही आली. १९६१ मध्ये ती संपली. कामोइंशचा मोठा पुतळा आता जुन्या गोव्याच्या पुरातत्त्व संग्रहालयात आहे. लिस्बनमध्ये तो राष्ट्रकवी आहे, तर इथे इतिहासाचा एक भाग.