कल्याणच्या पुढे कला असते का?

कॉलेजच्या शेवटच्या वर्षाला आम्हाला एक असाइनमेंट होती. आपल्या गावातली एक कलाकृती निवडायची आणि ती कलाकृती का आहे, हे पाचशे शब्दांत लिहायचं. दादर-गिरगावच्या मुलांचं काम दोन दिवसांत उरकलं. मी पडले बदलापूरची. मला काही सुचेना. आमच्या पट्ट्यात आहे काय? उल्हासनगरची जीन्स आणि फर्निचर, अंबरनाथची एमआयडीसी, बदलापूरचे नवे टॉवर आणि सकाळी मुंगीलाही शिरायला जागा नसलेली लोकल. त्यात ‘मेड इन यूएसए’, म्हणजे उल्हासनगर सिंधी असोसिएशन, हा जोक तर तुम्हीही ऐकला असेल. थोडक्यात काय, आपल्याकडे सगळं डुप्लिकेट, ओरिजिनल ते तिकडे, कल्याणच्या अलीकडे. असं आपणच इतक्या वेळा बोलतो, की ते आपल्याला खरं वाटायला लागतं.

शेवटी मी अंबरनाथचं शिवमंदिर निवडलं. खरं सांगायचं तर दुसरं काही नव्हतं म्हणून. लहानपणापासून महाशिवरात्रीच्या जत्रेला जातेय, पण आठवतं काय? रांग, चपला सांभाळणं आणि बर्फाचा गोळा. भिंतींकडे मान वर करून कधी पाहिलंच नव्हतं. असाइनमेंटसाठी शोधाशोध करताना एक नाव पुन्हा पुन्हा समोर यायला लागलं. डॉ. भाऊ दाजी लाड. राणीच्या बागेतल्या म्युझियमवर लिहिलंय ना, तेच. या माणसाचा आपल्या अंबरनाथशी काय संबंध? तोच तुम्हाला सांगायचाय.

भाऊंचं खरं नाव रामकृष्ण विठ्ठल लाड. जन्म गोव्यातला, १८२० च्या दशकातला. १८३२ मध्ये वडिलांबरोबर ते मुंबईत आले. घरची गरिबी होती. बापलेक पोटासाठी मातीच्या बाहुल्या करायचे. या बाहुल्या लक्षात ठेवा, आपण त्यांच्याकडे परत येणार आहोत. मुलगा बुद्धिबळात भलताच हुशार होता. त्याचा डाव पाहून एका इंग्रज माणसाने वडिलांना गळ घातली, की याला इंग्रजी शाळेत घाला. वडिलांनी ऐकलं आणि एका बाहुलीवाल्याच्या मुलाचं आयुष्य रुळ बदलून धावायला लागलं.

एल्फिन्स्टन इन्स्टिट्यूशनमध्ये भाऊ शिकले, तिथेच शिकवायलाही लागले. कच्छ-काठेवाडातल्या मुलींना जन्मतःच मारण्याच्या प्रथेवर त्यांनी निबंध लिहिला आणि बक्षीस मिळवलं. मग १८४५ मध्ये ग्रँट मेडिकल कॉलेज निघालं आणि भाऊंनी तिथे नाव घातलं. १८५१ मध्ये पहिली तुकडी बाहेर पडली, तिच्यात ते होते. डॉक्टरकी जोरात चालली. गरिबांना औषध फुकट. कुष्ठरोगावर औषध शोधण्याचा तर त्यांनी ध्यासच घेतला होता.

आपल्यापैकी कुणी एवढ्यावर खूश झालं असतं. भाऊंचं तसं नव्हतं. १८५२ मध्ये बॉम्बे असोसिएशन स्थापन झाली, तिच्या कामात ते होते. मुलींच्या शाळांसाठी झटणाऱ्यांत ते होते. सांगलीच्या विष्णुदास भाव्यांची नाटकमंडळी मुंबईत आली, तेव्हा तिला आधार देणाऱ्यांत ते होते. १८५४ मध्ये मुंबईत फोटोग्राफिक सोसायटी निघाली, तिथेही ते होतेच. कॅमेरा म्हणजे तेव्हाचं एकदम लेटेस्ट गॅजेट. आणि या सगळ्यातून वेळ काढून हा डॉक्टर जुने दगड, नाणी आणि ताम्रपट वाचत बसायचा. अजिंठ्याच्या लेण्यांतल्या शिलालेखांवर त्यांनी काम केलं, कालिदास कोणत्या काळातला यावरही लिहिलं.

आता म्युझियमची गोष्ट. १८५५ मध्ये पॅरिसला मोठं प्रदर्शन भरलं. त्यासाठी इथल्या वस्तू गोळा करताना प्रत्येकीचा जोडनमुना मुंबईत ठेवायचं ठरलं. मडकी, विणलेलं कापड, धातूची भांडी, लाकडावरचं कोरीवकाम, असं सगळं. फोर्टमधल्या बराकीत हा संग्रह मांडला. तेवढ्यात १८५७ चा उठाव झाला. बराक सैनिकांसाठी हवी म्हणून संग्रह बाहेर काढला गेला आणि बऱ्याच वस्तूंची त्यात नासधूस झाली. त्या वेळच्या हिशेबाने ती होती तरी काय? मडकी आणि कापडं! बाजारात पुन्हा मिळाली असती.

पण काही लोकांना तसं वाटलं नाही. डॉ. जॉर्ज बर्डवुड, नाना शंकरशेट आणि भाऊ दाजी कामाला लागले. नवी इमारत बांधायची म्हणून वर्गणी गोळा केली. १९ नोव्हेंबर १८६२ ला पायाभरणी झाली. पुढे अमेरिकेतली यादवी संपली, कापसाचे भाव कोसळले आणि १८६५ मध्ये मुंबईचा शेअरबाजार झोपला. त्यात भाऊही बुडाले. कमावलेलं बरंचसं गेलं. म्युझियमचं कामही रखडलं. शेवटी २ मे १८७२ ला ते लोकांसाठी उघडलं. मधल्या काळात, १८६९ आणि १८७१ मध्ये, भाऊ मुंबईचे शेरीफ होते. हातातला पैसा गेला होता, पण शहराने त्यांना विसरलं नव्हतं.

आणि इथेच आपल्या असाइनमेंटचा प्रश्न समोर येतो. पाणी भरायचं मडकं म्युझियमच्या काचेत ठेवलं की ते कलाकृती होतं का? मग काल स्वयंपाकघरात होतं तेव्हा ते काय होतं?

बर्डवुडसाहेबांचं उत्तर ऐकण्यासारखं आहे. हे गृहस्थ आपल्या कारागिरांवर मनापासून फिदा होते. १८८० मध्ये त्यांनी भारतीय कारागिरीवर मोठं पुस्तक लिहिलं. पण त्यात त्यांचं म्हणणं असं, की हस्तकलेत हे लोक अव्वल, मात्र चित्र आणि शिल्प या उच्च कला म्हणाल तर त्या भारतात नाहीतच. पुढे १९१० मध्ये लंडनमध्ये बोलताना त्यांनी एका बुद्धमूर्तीला उकडलेल्या पुडिंगच्या पंक्तीला बसवलं. तिकडच्याच काही कलावंतांना ते खटकलं आणि त्यांनी जाहीरपणे विरोध केला. म्हणजे बघा, ज्याने उभं आयुष्य या वस्तू जपल्या, त्यालाही ‘कला’ हा शब्द वापरताना हात आखडता घ्यावासा वाटला. मग तुम्हा-आम्हाला अंबरनाथची भिंत दिसली नाही तर त्यात नवल काय!

आता अंबरनाथला येऊ. कल्याणच्या पुढे रेल्वे १८५६ मध्ये आली. १८६८ मध्ये जेजे स्कूल ऑफ आर्टचे टेरी नावाचे साहेब विद्यार्थ्यांना घेऊन अंबरनाथच्या मंदिरात आले. मोजमापं घेतली, चित्रं काढली, फोटो काढले, शिल्पांचे साचे घेतले. डोळ्यांसमोर आणा, आपल्याच वयाची मुलं वालधुनीच्या काठावर बसून एकेका मूर्तीची रेघ न् रेघ उतरवतायत. ‘सगळं डुप्लिकेट’ म्हणणाऱ्यांनी हे मुद्दाम ऐकावं. तेव्हा नकला केल्या जात होत्या त्या आपल्याकडच्या वस्तूच्या.

त्याच सुमारास भाऊंनी या मंदिरातला शिलालेख वाचून प्रसिद्ध केला. उत्तरेकडच्या दाराशी, आतल्या बाजूला वर कोरलेला हा संस्कृत लेख. त्यात शिलाहार राजा मामवाणीचं नाव आहे आणि शके आहे. भाऊंनी शके वाचलं ७८२, म्हणजे इसवी सन ८६०.

चुकलं. नंतर पंडित भगवानलाल इंद्रजींनी लेख पुन्हा वाचला आणि पहिला आकडा सात नसून नऊ असल्याचं दाखवलं. शके ९८२, म्हणजे इसवी सन १०६०. एका आकड्याने दोनशे वर्षांचा फरक! मला हे वाचून आधी हसू आलं. मग वाटलं, ज्या लेखाकडे कुणी लक्ष देत नव्हतं, तो भाऊंनी वाचून लोकांसमोर ठेवला म्हणून तर पुढच्याला चूक सापडली. हे भगवानलाल तरी कोण? ज्यांना भाऊंनी स्वतः कामाला घेतलं आणि देशभर शिलालेख शोधायला पाठवलं, तेच. आपल्या हाताखाली शिकलेल्याने आपली चूक काढावी, याहून चांगला वारसा कुठला?

प्रामाणिकपणे सांगायचं तर भाऊ त्या लेखात कला शोधत नव्हते, तारीख शोधत होते. पण तारीख कळली आणि मंदिर हवेतून जमिनीवर आलं. पांडवांनी एका रात्रीत बांधलं, ही गोष्ट आपण सगळ्यांनी ऐकलीय. एका रात्रीत झालेल्या चमत्काराला हात जोडता येतात, दाद देता येत नाही. १०६० म्हटलं की तिथे माणसं दिसायला लागतात. छिन्नी धरलेली, घामाने भिजलेली, चुकलेली कड पुन्हा सरळ करणारी. राजाचं नाव लेखात आहे. ज्यांनी दगड फोडला त्यांची नावं आज कुणालाच ठाऊक नाहीत.

असाइनमेंटसाठी मी गेले तेव्हा पहिल्यांदाच जत्रा नसताना गेले. गाभारा मंडपापेक्षा खाली आहे, वीसेक पायऱ्या उतरून जावं लागतं. वर शिखर पूर्ण नाही, त्यामुळे आभाळाचा उजेड सरळ पिंडीवर येतो. बाहेर आले आणि भिंतीभोवती हळूहळू फिरले. बरीच शिल्पं झिजलीयत, काहींचे चेहरे पार गेलेत. पण दोन कोनांच्या मधल्या अडचणीच्या जागीही कोरीवकाम आहे. वर, जिथे प्रदक्षिणा घालणाऱ्याची नजर पोचत नाही, तिथेही आहे. देवळाला छप्पर धरायला भिंत पुरली असती. हे जास्तीचं कशाला केलं?

मला माझं उत्तर तिथे मिळालं, तुम्हाला पटतं का बघा. गरज भागली तरी हात थांबत नाही आणि कुणी पाहणार नाही अशा जागीही तो कसर ठेवत नाही, तिथे कला सुरू होते. ती महाग आहे की स्वस्त, देवळात आहे की काचेत, हे नंतरचे प्रश्न. पण एवढ्याने भागत नाही. करणाऱ्याने जास्तीचं दिलं, तसं पाहणाऱ्यालाही थोडं जास्तीचं द्यावं लागतं. थांबावं लागतं, मान वर करावी लागते, चुकीचं का होईना पण वाचून बघावं लागतं. मंदिर तेच, भिंत तीच. वीस वर्षं मी तिच्यासमोरून गोळा खात गेले, तेव्हा माझ्यापुरती ती नुसती भिंत होती.

भाऊ १८७४ मध्ये गेले. वय पन्नासच्या आसपास. शंभर वर्षांनी, १९७५ मध्ये, भायखळ्याच्या म्युझियमला त्यांचं नाव दिलं गेलं. तिथे गेलात तर काचेच्या कपाटांत मातीच्या छोट्या छोट्या बाहुल्या दिसतील. वेगवेगळ्या पागोट्यांची, पेहरावांची, धंद्यांची मुंबईची माणसं. त्या भाऊंनंतरच्या काळात तयार झाल्या, त्यांच्या वडिलांच्या हातच्या नाहीत. तरी मी त्या कपाटासमोर बराच वेळ उभी राहिले. पोटासाठी केलेल्या बाहुल्या कुणी जपल्या नाहीत. त्या बाहुल्यांवर वाढलेल्या मुलाने मात्र असं घर उभारायला हातभार लावला, जिथे मातीच्या बाहुलीलाही काच आणि दिवा मिळतो.

अंबरनाथच्या दगडांना तशी काच नाही. वालधुनीच्या पाण्याचा रंग आणि वास तुम्हाला माहितीये. वर पाऊस, खाली ते पाणी, चारी बाजूंनी वाढलेलं शहर. पुरातत्त्व खात्याचा संरक्षित स्मारकाचा फलक आहे, पण फलक काही शिल्पांकडे बघत बसत नाही. ते आपलं काम आहे. नऊशेसाठ वर्षांहून जास्त टिकलेला चेहरा आपल्या पिढीत पुसला गेला, तर नकलेसाठी साचे घ्यायलाही काही उरणार नाही.

असाइनमेंटला मार्क बरे पडले. पण तुम्हाला एक सांगते. पुढच्या रविवारी अंबरनाथला उतरा. पूर्वेला बाहेर पडा, रिक्षा करा. सेल्फी काढाच, पण नंतर फोन खिशात ठेवा आणि एक प्रदक्षिणा फक्त मान वर करून घाला. एकच मूर्ती निवडा, झिजलेली असली तरी चालेल. तिचा तुटलेला हात कुठे असेल, कसा वळला असेल, याचा अंदाज करा. चुकलात तरी हरकत नाही. आपल्याआधी भाऊही चुकले होते.