राजा परांजपे : बोलत्या मराठीचा दिग्दर्शक

चित्रपटांच्या नावांकडे भाषेचे अभ्यासक म्हणून आपण सहसा पाहत नाही. ‘लाखाची गोष्ट’, ‘पेडगावचे शहाणे’, ‘गंगेत घोडं न्हालं’, ‘गाठ पडली ठका ठका’, ‘जगाच्या पाठीवर’ ही नावे एकापाठोपाठ वाचून पाहा. घरोघरी बोलल्या जाणाऱ्या मराठीच्या कोठारातून ती उचललेली आहेत, आणि हे सर्व चित्रपट एकाच व्यक्तीने दिग्दर्शित केले आहेत. ती व्यक्ती म्हणजे राजा परांजपे.

त्यांचा जन्म २४ एप्रिल १९१० रोजी मिरजेत झाला. रंगभूमीवरून ते चित्रपटात नट म्हणून आले आणि भालजी पेंढारकरांच्या हाताखाली त्यांनी दिग्दर्शनाचे धडे घेतले. १९४८ च्या ‘जिवाचा सखा’पासून ग. दि. माडगूळकर आणि सुधीर फडके यांच्याशी त्यांचा जो सहयोग जुळला, तो मराठी चित्रपटाला पुढे दीर्घकाळ पुरला. चित्रपटांतील शब्दांचे श्रेय अर्थातच माडगूळकरांकडे मोठ्या प्रमाणावर जाते. परंतु कागदावरचा शब्द नटाच्या तोंडी घरगुती वाटावा, त्याला नाटकी हेल येऊ नये, हे काम दिग्दर्शकाचे. आणि ते परांजपे यांनी केले.

‘पेडगावचे शहाणे’ (१९५२) हेच नाव घ्या. वेड पांघरून पेडगावला जाणे हा वाक्प्रचार आपल्या परिचयाचा आहे. शीर्षकाने त्यातील वेडाच्या जागी शहाणपण बसवले आणि वेडा कोण, हा प्रश्न प्रेक्षकावर सोडला. मुख्य भूमिका स्वतः परांजपे यांची होती. त्याच वर्षीच्या ‘लाखाची गोष्ट’मध्ये मोलाची गोष्ट आणि लाख रुपयांची गोष्ट असे दोन्ही अर्थ खेळतात : हाती आलेले एक लाख रुपये ठरावीक मुदतीत खर्चून दाखवायचे, अशी अट! ज्यांच्या खिशात काही नाही, त्यांना ही अट घालण्यातच विनोदाचे मूळ आहे.

या चित्रपटांमुळे परांजपे यांच्यावर विनोदी दिग्दर्शक असा शिक्का बसला. मला तो अपुरा वाटतो. ‘ऊन पाऊस’ (१९५४) पाहा. मुलांच्या सोयीसाठी म्हातारपणी एकमेकांपासून दूर राहावे लागलेल्या पतिपत्नीची ही कथा. पत्नीच्या भूमिकेत सुमती गुप्ते आणि वृद्ध मास्तरांच्या भूमिकेत परांजपे, वय अवघे चव्वेचाळीस! नायकपण मिरवण्याच्या वयात त्यांनी म्हातारपण पत्करले, आणि त्या म्हाताऱ्याचे दुःख आक्रोशात नव्हे, तर अर्ध्यावर थांबणाऱ्या साध्या बोलण्यात ठेवले.

ट्रॉम्बे, चेंबूर परिसरातील विद्यार्थ्यांना नट-दिग्दर्शक म्हटल्यावर चेंबूरच्या आर. के. स्टुडिओचे राज कपूर आठवतील. योगायोग असा की त्यांनी दिग्दर्शित केलेला पहिला चित्रपट ‘आग’ हाही १९४८ चाच. ‘श्री ४२०’ (१९५५) मधील त्यांच्या भटक्याप्रमाणेच ‘जगाच्या पाठीवर’ (१९६०) मधील परांजपे यांच्या भटक्यावरही चॅप्लिनची सावली आहे. मात्र राज कपूर यांचा भटक्या तरुण, नशीब काढायला शहरात आलेला. परांजपे यांचा पन्नाशीचा, आयुष्याकडून फारसे काही न मागणारा. सीमा यांनी साकारलेल्या अंध मुलीला तो सांभाळतो, त्यात उपकाराचा सूर कुठेही लागत नाही. शक्य झाल्यास हे दोन चित्रपट लागोपाठ पाहावेत.

पुढे ‘हा माझा मार्ग एकला’ (१९६३) मधून सचिन हा बालकलाकार पडद्यावर आला. हा चित्रपट आणि लगेचचा ‘पाठलाग’ (१९६४), दोन्ही सर्वोत्कृष्ट मराठी चित्रपटाच्या राष्ट्रीय पुरस्काराचे मानकरी ठरले. ‘पाठलाग’ ही रहस्यकथा. म्हणींचा, हशाचा आधार तिथे नव्हता, तरीही पकड सुटली नाही. राज खोसला यांनी तिच्यावरून हिंदीत ‘मेरा साया’ (१९६६) केला. तो देशभर गाजला, आणि मूळ मराठी चित्रपटाचे नाव मात्र महाराष्ट्राबाहेर थोड्यांनाच ठाऊक राहिले. १९६६ मध्येच परांजपे यांचा ‘गुरुकिल्ली’ आला. १९७९ साली त्यांचे निधन झाले.