लढाऊ बॉब ला फॉलेट

आमचे आजोबा गायकवाडी नोकरीत, महसूल खात्यात होते. त्यांच्या कपाटात इंग्रजी पुस्तके थोडीच, पण जी होती ती वाचून झिजलेली. त्यांत एक रॉबर्ट ला फॉलेट नावाच्या अमेरिकन राजकारण्याचे आत्मचरित्र, १९१३ साली निघालेले. लहानपणी मी ते नुसते चाळले, कारण त्यात ना युद्ध, ना शिकार. पुढे पोक्त वयात पुन्हा उघडले, तेव्हा आगगाडी कंपन्यांवरील कराच्या प्रकरणाशी आजोबांच्या शिसपेन्सिलीच्या खुणा दिसल्या. महसुलातल्या माणसाला दुसऱ्या खंडातल्या कराची आकडेमोड इतकी का भावावी, ह्या कुतूहलाने मी वाचू लागलो आणि मग त्या माणसाने मला सोडले नाही.

तो काळही आपल्याला अगदी परका नाही. १९०६ साली श्रीमंत सयाजीराव महाराज अमेरिकेत हिंडून आले, आणि १९१० साली बॉर्डन नावाचे अमेरिकन ग्रंथपाल बडोद्यास येऊन त्यांनी येथे ग्रंथालयांची व्यवस्था बसविली. बॉर्डन पूर्व किनाऱ्यावरचे, ला फॉलेट मध्यभागातल्या विस्कॉन्सिन राज्यातला. परंतु सरकारी कारभार ज्ञानाने आणि हिशेबाने सुधारता येतो, ही त्या पिढीची श्रद्धा दोघांच्याही देशात सारखीच होती. फरक इतकाच की आपल्याकडे ती वरून, राजवाड्यातून आली. तिकडे ती एका शेतकऱ्याच्या पोराला खालून वर ओढत न्यावी लागली.

ह्या पोराचा जन्म १४ जून १८५५ रोजी प्रिमरोझ नावाच्या गावी, लाकडी ओंडक्यांच्या घरात झाला. तो आठ महिन्यांचा असताना बाप वारला. आईने पुढे दुसरे लग्न केले; सावत्र बाप वयस्क आणि कडक. पुढे मॅडिसन येथील राज्याच्या विद्यापीठात तो शिकला, विद्यार्थ्यांचे वर्तमानपत्र चालविले, आणि १८७९ साली आंतरराज्य वक्तृत्व स्पर्धा जिंकली. विषय होता शेक्सपिअरचा इयागो. देवलांच्या ‘झुंझारराव’मुळे ऑथेल्लोची गोष्ट आपल्या घराघरांत ठाऊक आहे, तेव्हा इयागो कोण हे सांगावयास नको. मला आपले उगाच वाटते की, ऐन तारुण्यात इयागोवर इतका विचार केलेल्या माणसाला पुढे जन्मभर आपल्या विरोधकांत इयागोच दिसत राहिले.

उंचीने तो ठेंगणा, केस मागे उंच वळविलेले, आवाज मोठा. मनात रंगभूमीवर जाण्याचे होते, गेला वकिलीत. १८८० साली पक्षाच्या स्थानिक पुढाऱ्याची परवानगी न घेताच तो जिल्हा सरकारी वकिलाच्या निवडणुकीस उभा राहिला आणि निवडून आला. १८८१च्या अखेरच्या दिवशी त्याने सहाध्यायिनी बेल केस हिच्याशी विवाह केला. बेलने पुढे, एक मूल झाल्यावर, १८८५ साली कायद्याची पदवी घेतली. त्या विद्यापीठाच्या कायदा शाखेतून पदवी घेणारी ती पहिली स्त्री. नवऱ्याची पहिली सल्लागार तीच होती, आणि पुष्कळदा त्याच्याहून शहाणीही.

१८८५ ते १८९१ तो वॉशिंग्टनला काँग्रेसमध्ये होता. तेथे त्याने फार काही वेगळे केले नाही. पक्षाचा एक हुशार, आज्ञाधारक सभासद एवढेच. १८९०च्या निवडणुकीत तो पडला, घरी येऊन वकिली करू लागला. येथे त्याची गोष्ट संपावयाची, पण १८९१च्या सप्टेंबरात मिलवॉकीच्या एका हॉटेलात फिलेटस सॉयर ह्यांनी त्याला भेटीस बोलावले.

सॉयर म्हणजे लाकडाच्या धंद्यात गडगंज झालेले वृद्ध सेनेटर, राज्यातील पक्षाचे धनी. त्या वेळी माजी खजिनदारांवर खटले चालू होते. सरकारी ठेवींचे व्याज त्यांनी स्वतःच्या खिशात घातल्याचा आरोप होता, आणि त्यांच्या जामीनदारांत सॉयर होते. खटला ज्या न्यायाधीशापुढे होता तो ला फॉलेटचा मेहुणा. ला फॉलेटच्या सांगण्याप्रमाणे सॉयर यांनी मेहुण्याचे मन वळविण्यासाठी त्याला पैसे देऊ केले. सॉयर म्हणाले, मी केवळ वकील म्हणून फी देत होतो, नाते मला ठाऊकच नव्हते. खोलीत दोघेच होते, साक्षीदार नाही. ला फॉलेटने ही हकीकत न्यायाधीशाला सांगितली, न्यायाधीशाने खटला सोडला, आणि प्रकरण वर्तमानपत्रांत गेले. एका रात्रीत ला फॉलेट आपल्याच पक्षात अस्पृश्य झाला.

वजनदार माणसाचा ‘जरा तुमच्या मेहुण्याला सांगा’ हा निरोप काय असतो, हे ज्यांच्या घरात पिढ्यान्‌पिढ्या सरकारी नोकरी आहे त्यांना समजावून सांगावे लागत नाही. असा निरोप बहुतेक जण ऐकून न ऐकल्यासारखा करतात. त्यात पापही नाही आणि नोकरीही राहते. ला फॉलेटला ते साधले नाही.

ह्यानंतरची नऊ वर्षे त्याने पक्षाच्या यंत्राचा अभ्यास केला. उमेदवार कोण हे ठरविण्यासाठी गावोगावचे प्रतिनिधी अधिवेशनात जमत, आणि त्या प्रतिनिधींना आगगाडी कंपन्यांचे व लाकूडवाल्यांचे लोक रात्रीतून फिरवीत. १८९६ आणि १८९८ मध्ये गव्हर्नरपदाची उमेदवारी त्याला मिळाली नाही. तेव्हा त्याने उपाय काढला तो साधा होता: उमेदवार अधिवेशनाने नव्हे, मतदारांनीच मतपत्रिकेने निवडावा. १९०० साली तो गव्हर्नर निवडून आला, आणि १९०४ साली लोकांच्या कौलाने ही पद्धत कायदा झाली.

आजोबांच्या खुणा ज्या पानांवर आहेत तो कराचा लढा ह्याच काळातला. शेतकरी आपल्या जमिनीच्या किमतीवर कर भरी. आगगाडी कंपन्या मात्र मालमत्तेच्या किमतीवर नव्हे, तर उत्पन्नाच्या प्रमाणात एक शुल्क भरून मोकळ्या होत. ला फॉलेटने आकड्यांचे तक्ते घेऊन गावोगाव हा फरक समजावून सांगितला, आणि १९०३ साली कंपन्यांची मालमत्ताही इतरांप्रमाणे किमतीवर कराखाली आली. १९०५ साली दरांवर देखरेख करणारे मंडळही झाले. त्याच्या सभांत करमणूक फारशी नसे. तो गावात जाई, त्या गावच्या आमदाराने कोणत्या विधेयकावर कसे मत दिले ते एकेक करून वाचून दाखवी, आणि थांबे. आमदाराचे शेजारी समोरच बसलेले असत. इतकी निर्दय पण इतकी न्याय्य पद्धत मी दुसऱ्या कोठल्या पुढाऱ्याची वाचलेली नाही.

कायद्यांचे मसुदे तयार करताना तो विद्यापीठातील अध्यापकांना हाताशी घेई, आणि आमदारांसाठी चार्ल्स मॅकार्थी ह्यांनी संदर्भग्रंथालय चालविले. राज्याचा कारभार आणि विद्यापीठ ह्यांची ही जोडी पुढे ‘विस्कॉन्सिन कल्पना’ म्हणून देशभर गाजली.

१९०६च्या जानेवारीत तो सेनेटमध्ये गेला. नव्या सभासदाने गप्प बसावे हा तेथला रिवाज. हा काही महिन्यांतच रेल्वे विधेयकावर बोलू लागला. वडीलधारे सभासद उठून बाहेर गेले, तर त्याने गॅलरीकडे पाहून सुचविले की आज रिकाम्या दिसणाऱ्या खुर्च्या उद्या कायमच्या रिकाम्या होऊ शकतील. १९०८ साली बँकांच्या एका विधेयकाविरुद्ध तो अठरा तासांहून अधिक वेळ बोलत राहिला.

आता मला खटकणारे सांगतो. थिओडोर रूझवेल्ट अर्धी भाकरी मिळाली तर घेई. ला फॉलेटला अर्धी भाकरी लाचेसारखी वाटे. १९१२ साली अध्यक्षपदासाठी पुरोगाम्यांचा उमेदवार तोच होता. २ फेब्रुवारीस फिलाडेल्फियात नियतकालिकांच्या प्रकाशकांपुढे त्याचे भाषण होते. तो थकलेला, आजारी, दुसऱ्या दिवशी धाकट्या मुलीवर शस्त्रक्रिया होणार होती. भाषण दोन तासांवर लांबले, तेच तेच पुन्हा येऊ लागले, समोरच बसलेल्या वृत्तपत्रवाल्यांवर त्याने तोंडसुख घेतले. दुसऱ्या दिवसापासून पाठीराखे रूझवेल्टकडे वळू लागले. ह्याचा राग त्याने शेवटपर्यंत सोडला नाही. एका थकलेल्या बापाची रात्र म्हणून मी ती विसरावयास तयार आहे. पण पुढचा तो सूड मला त्याच्या तोलाचा वाटत नाही.

ह्याच हट्टाने १९१७ साली मात्र त्याला मोठे केले, असे माझे मत आहे. ४ एप्रिलला सेनेटने ८२ विरुद्ध ६ मतांनी युद्धाचा ठराव केला. त्या सहांत ला फॉलेट होता. मरणार गरीब आणि नफा दुसऱ्यांचा, आणि जनतेला कोणी विचारलेच नाही, असा त्याचा मुद्दा होता. विस्कॉन्सिनात जर्मन वस्ती मोठी, म्हणून विरोधकांनी हेतूवर बोट ठेवले. सप्टेंबरात सेंट पॉल येथे केलेल्या भाषणाची बातमी एका वृत्तसंस्थेने चुकीची दिली. जर्मनीविरुद्ध आपल्या तक्रारी आहेत असे तो म्हणाला होता, छापले गेले की तक्रारी नाहीत. झाले! त्याच्या प्रतिमा जाळल्या गेल्या, त्याला सेनेटमधून काढण्याची चौकशी सुरू झाली, आणि ज्या विद्यापीठाला त्याने राज्यकारभारात आणले तेथील चारशेंहून अधिक अध्यापकांनी त्याच्या निषेधावर सह्या केल्या. त्यांत त्याचे जुने स्नेही होते. १९१८च्या मेमध्ये वृत्तसंस्थेने चूक कबूल केली. चौकशी १९१९च्या जानेवारीत बंद झाली.

पुढे १९२२ साली टीपॉट डोम येथील सरकारी तेलजमिनींच्या प्रकरणाच्या चौकशीचा ठराव त्यानेच मांडला, आणि एक मंत्री तुरुंगात जाण्याची वाट मोकळी झाली. त्याच वर्षी विस्कॉन्सिनच्या मतदारांनी त्याला प्रचंड बहुमताने परत पाठविले. १९२४ साली तो स्वतंत्रपणे अध्यक्षपदास उभा राहिला. ४८ लाखांच्या आसपास मते पडली, पण राज्य जिंकले ते एकच, आपले विस्कॉन्सिन. १८ जून १९२५ रोजी, सत्तरी पूर्ण करून चार दिवसांनी, तो वॉशिंग्टनला वारला. त्याच्या जागी उभे राहण्याचा बेलला आग्रह झाला, तिने नाकारले. थोरला मुलगा निवडून आला आणि एकवीस वर्षे सेनेटमध्ये राहिला.

१९४६ साली ह्या मुलाला पक्षाची उमेदवारी मिळाली नाही. बापाने अधिवेशनाच्या हातून काढून मतदारांच्या हाती दिलेल्या त्याच पद्धतीने, पाच हजारांच्या आसपास मतांनी, तो हरला. जिंकणाऱ्याचे नाव जोसेफ मॅकार्थी. अमेरिकेत संशयाचे आणि छळाचे ते पर्व ज्याच्या नावाने ओळखले जाते तोच. १९५७च्या मे महिन्यात जॉन केनेडी ह्यांच्या अध्यक्षतेखालील समितीने सेनेटच्या इतिहासातील पाच थोर सभासद निवडले, त्यांत रॉबर्ट ला फॉलेट, थोरला, होता. त्याच महिन्यात मॅकार्थी वारला. तोवर विस्कॉन्सिनची ती खुर्ची त्याच्याकडेच होती.